नाव आणि वस्तू : युनिक्सची फाईल-व्यवस्था आणि देवनागरी नामलेखन

हस्तलिखित पोथ्यांवर काम करणाऱ्या अभ्यासकाला ग्रंथाचे नाव पुष्कळदा पहिल्या पानावर नव्हे, तर अखेरच्या पुष्पिकेत सापडते. ग्रंथनाम, कर्ता, क्वचित लेखनकाळ आणि लिपिकाराचे नाव ही सारी नोंद ग्रंथाच्याच अंगाचा भाग असते. बस्त्याचे कापड फाटले, सूचीतील क्रमांक पुसला गेला, तरी शेवटचे पत्र शाबूत असल्यास पोथी आपली ओळख आपणच सांगू शकते. आज आपले बहुतेक लेखन ज्या माध्यमात साठवले जाते तेथे ही स्थिती नेमकी उलट आहे. युनिक्स आणि तिच्या कुळातील कार्यप्रणालींमध्ये फाईलला स्वतःचे नाव ठाऊक नसते. नाव अन्यत्र, एका वेगळ्या यादीत लिहिलेले असते, आणि ती यादी नष्ट झाली तर मजकूर अक्षरशः जसाच्या तसा असूनही अनाम होतो.

ही रचना योगायोगाने घडलेली नाही. १९६९ च्या सुमारास काही मोजक्या व्यक्तींनी जाणीवपूर्वक घेतलेल्या निर्णयांचा तो परिणाम आहे. त्याच निर्णयांच्या पोटात दुसरे एक धोरण होते : व्यवस्थेने नाव साठवावे, जुळवावे, परंतु वाचू नये. प्रस्तुत निबंधात या दोन गोष्टींचा इतिहास पाहावयाचा आहे. या न वाचण्यामुळेच पुढे देवनागरी नावांना या व्यवस्थेत विनासायास प्रवेश मिळाला, आणि जेथे व्यवस्था नावे वाचू लागली तेथे मराठीतील एक अर्थभेदक खूण तिच्या नजरेतून निसटली, असे माझे प्रतिपादन आहे. साहित्याच्या अभ्यासकांनी या तांत्रिक प्रकरणात लक्ष घालण्याचे कारणही तेच.

प्रथम परिभाषेविषयी थोडेसे. 'कर्नल' हा शब्द मराठी कानाला लष्करी हुद्द्याची आठवण देतो; येथे अभिप्रेत असलेला अर्थ मात्र फळाच्या कठीण कवचातील गर, मगज असा आहे. वापरकर्त्याच्या आज्ञा स्वीकारणाऱ्या बाहेरच्या कार्यक्रमाला युनिक्समध्ये 'शेल', म्हणजे कवच, म्हणतात. त्यामुळे रूपक पुरे होते. या निबंधात 'कर्नल'साठी 'गाभा' हा शब्द वापरला आहे. स्मृती, प्रक्रियकाचा वेळ आणि चकती यांची वाटणी करण्याचा अधिकार फक्त गाभ्याकडे असतो. अन्य कोणताही कार्यक्रम चकतीला थेट हात लावू शकत नाही. 'अमुक फाईल उघड', 'इतके वाच', 'इतके लिही' अशा विनंत्या त्याला गाभ्याकडे कराव्या लागतात. १९७४ च्या जुलै महिन्यात डेनिस रिची आणि केन थॉम्प्सन यांनी युनिक्सचा जो परिचय प्रसिद्ध केला, त्यात फाईल-व्यवस्था पुरवणे हेच युनिक्सचे सर्वांत महत्त्वाचे काम असल्याचे त्यांनी नमूद केले होते. त्या काळी तो संपूर्ण गाभा सुमारे ४२,००० बाइट्सचा होता.

चकती ही स्वभावतः निराकार असते. तिच्यावर सारख्या आकाराचे क्रमांकित खंड असतात, त्यापलीकडे काही नाही. कोणता खंड कोणाचा, कोणत्या खंडानंतर कोणता वाचावयाचा, हे कोठेतरी लिहून ठेवावे लागते. अमेरिकेतील एमआयटी या संस्थेत १९६१ साली प्रथम दाखवल्या गेलेल्या सीटीएसएस या सामायिक कार्यप्रणालीत प्रत्येक वापरकर्त्याची एक सपाट यादी असे, आणि फाईलचे नाव प्रत्येकी सहा अक्षरांच्या दोन शब्दांचे असे. सहा अक्षरेच का? तर त्या यंत्राचा एक शब्द ३६ बिटांचा होता आणि एका अक्षराला सहा बिट लागत. नावाच्या लांबीवरील मर्यादा यंत्राच्या हाडामांसातून येते, याचे हे पहिले उदाहरण. पुढे आणखी येतील.

एमआयटी, जनरल इलेक्ट्रिक आणि बेल लॅबोरेटरीज यांनी मिळून हाती घेतलेल्या मल्टिक्स या महत्त्वाकांक्षी प्रकल्पात या सपाट यादीचे झाड झाले. रॉबर्ट डेली आणि पीटर न्यूमन यांनी १९६५ साली सादर केलेल्या निबंधात यादीच्या पोटात यादी, तिच्या पोटात आणखी यादी, अशी श्रेणीबद्ध रचना मांडलेली आढळते. आपण आज संगणकावर 'फोल्डर' उघडतो तेव्हा याच कल्पनेचा लाभ घेत असतो. मल्टिक्सचे काम रेंगाळले, खर्च वाढला, आणि १९६९ च्या वसंतात बेल लॅबोरेटरीजने अंग काढून घेतले. मल्टिक्स अयशस्वी ठरली असे सर्रास लिहिले जाते, ते सर्वस्वी खरे नाही. तिचे शेवटचे यंत्र कॅनडाच्या संरक्षण खात्याकडे हॅलिफॅक्स येथे ऑक्टोबर २००० पर्यंत चालू होते.

प्रकल्प गेला, पण त्यावर काम केलेली माणसे न्यू जर्सीतील मरे हिल येथे होतीच. थॉम्प्सन, रिची आणि रड कॅनडे या तिघांनी १९६९ साली फळ्यावर आणि चिटोऱ्यांवर एका फाईल-व्यवस्थेचा आराखडा तयार केला. रिची यांनी दशकभराने लिहिलेल्या इतिहासात या प्रारंभिक टप्प्याचे फार प्रांजळ वर्णन आहे. पीडीपी-७ या छोट्या, फारसा कोणी न वापरणाऱ्या यंत्रावर ही व्यवस्था प्रथम उभी राहिली. यादीच्या पोटात यादी होती, परंतु तिच्यापर्यंत जाण्याचा मार्ग लिहिण्याची सोय नव्हती. तिरक्या रेषेने जोडलेली लांब मार्गनामे पुढच्या यंत्रावर आली. याहून नवलाची गोष्ट म्हणजे प्रणाली चालू असताना नवी यादी निर्माणच करता येत नसे. सारी व्यवस्था कागदी फितीवरून नव्याने उभारतानाच यादी बनवावी लागे. त्यामुळे याद्या ही, रिची यांच्या लेखी, पुन्हा न मिळणारी संपत्ती होती!

या अपुऱ्या व्यवस्थेत एक गोष्ट मात्र पहिल्यापासून पूर्ण स्वरूपात होती, आणि तीच आपल्या विषयाचा कणा आहे. चकतीच्या आरंभी समान आकाराच्या नोंदींची एक क्रमवार पंक्ती असे. प्रत्येक नोंद म्हणजे एक फाईल : तिचा मालक, तिचा आकार, तिच्यावरील अधिकार, आणि तिचा मजकूर कोणकोणत्या खंडांत आहे त्यांचे पत्ते. या नोंदीला 'आय-नोड' असे नाव पडले. त्यातील 'आय' कशासाठी, हे स्वतः रिची यांनाही निश्चित आठवत नव्हते. 'इंडेक्स' असावे असा त्यांचा तर्क होता. नोंदीत सारे आहे, नाव तेवढे नाही. नाव यादीत असते, आणि यादी हीही एक फाईलच. तिच्या प्रत्येक ओळीत दोनच गोष्टी असतात, एक नाव आणि एक आय-नोड क्रमांक.

१९७९ च्या सातव्या आवृत्तीतील आकडे पाहिले म्हणजे या रचनेचा नेटकेपणा ध्यानी येतो. आय-नोड ६४ बाइट्सचा. त्यात तेरा पत्ते. पहिले दहा पत्ते मजकुराच्या प्रत्यक्ष खंडांचे. एक खंड ५१२ बाइट्सचा, म्हणजे ५,१२० बाइट्सपर्यंतची छोटी फाईल थेट हाती येते. अकरावा पत्ता मजकुराचा नव्हे, तर १२८ पत्ते लिहिलेल्या एका खंडाचा. बारावा पत्ता अशा १२८ खंडांच्या यादीचा, तेरावा त्याहून एक पायरी खोल. अशा रीतीने त्याच ६४ बाइट्सच्या नोंदीतून एक अब्ज बाइट्सहून मोठ्या फाईलपर्यंत पोहोचता येते. त्या काळच्या बहुसंख्य फाईली छोट्या होत्या; त्यांना वेगाने वाट मिळावी आणि मोठ्या फाईलीला अडवणूक होऊ नये, असा हा तोल आहे.

नाव आणि नोंद वेगळी झाल्याने काही विलक्षण परिणाम संभवले. एकाच आय-नोडकडे निर्देश करणारी दोन, चार, दहा नावे निरनिराळ्या याद्यांत असू शकतात, आणि त्यांतले कोणतेही 'खरे' नाव आणि बाकीची 'उपनावे' असा भेद नसतो. मल्टिक्समध्ये मूळ नोंद आणि तिच्याकडे बोट दाखवणारा दुवा यांत फरक होता. युनिक्सने तो पुसून टाकला. (पुढे १९८३ साली बर्कले आवृत्तीत सांकेतिक दुव्यांच्या रूपाने तो परत आला, ही वेगळी गोष्ट.) याचा दुसरा परिणाम असा की युनिक्सच्या गाभ्यात 'फाईल पुसून टाक' अशी विनंतीच नाही. जी आहे तिचे नाव 'अनलिंक'. ती फक्त नाव आणि नोंद यांचा संबंध तोडते. नावे किती उरली याचा हिशेब आय-नोडमध्ये असतो, आणि तो शून्यावर आला म्हणजे खंड मोकळे होतात. त्यालाही अपवाद आहे. शेवटचे नाव गेले तरी एखादा कार्यक्रम ती फाईल उघडून बसलेला असेल, तर तो ती सोडीपर्यंत फाईल जिवंत राहते. नाव नाही, यादीत जागा नाही, आणि तरीही तिचे वाचन चालू आहे अशी ही अवस्था आहे.

चकतीत बिघाड होऊन यादी नष्ट झाली तर काय होते? बर्कले युनिक्समध्ये आणि पुढे लिनक्समध्येही दुरुस्तीचा कार्यक्रम सर्व आय-नोड तपासतो, ज्यांना कोठल्याच यादीत नाव उरलेले नाही अशा नोंदी वेचतो आणि 'लॉस्ट अँड फाउंड' नामक यादीत आणून ठेवतो. त्यांना नाव म्हणून दिला जातो तो त्यांचा आय-नोड क्रमांक. पुष्पिका नसलेली पोथी ग्रंथालयाच्या दाखल-क्रमांकाने ओळखली जावी, तसाच हा प्रकार.

हाच एकमेव मार्ग होता असे मात्र नव्हे. मायक्रोसॉफ्टच्या एमएस-डॉसमध्ये आय-नोड नाही. यादीतील ३२ बाइट्सच्या एकाच ओळीत नाव, आकार, दिनांक आणि पहिल्या खंडाचा पत्ता ही सारी माहिती एकत्र असते. नाव हाच वस्तूचा धनी. अशा व्यवस्थेत एका फाईलला दोन समान हक्काची नावे असणे रचनेतच बसत नाही. नाव आठ आणि तीन अक्षरांचे, तेही रोमन मोठ्या लिपीत. १९९० च्या दशकात ज्यांनी संगणकावर मराठी मजकूर जुळवला, त्यांना हा आठ-तीनचा साचा स्मरत असेल : आतला मजकूर देवनागरी, त्यावरचे नाव रोमन आणि तेही स्वर गाळून आखडलेले.

युनिक्समध्येही लांबीची मर्यादा होतीच. पहिल्या आवृत्तीत नावाला आठ बाइट्स होते, पुढे चौदा झाले. क्रमांकाचे दोन मिळून यादीची ओळ सोळा बाइट्सची. १९८४ साली मार्शल कर्क मॅक्युसिक, बिल जॉय, सॅम्युएल लेफ्लर आणि रॉबर्ट फॅब्री यांनी बर्कलेच्या नव्या फाईल-व्यवस्थेचे वर्णन प्रसिद्ध केले. जुन्या व्यवस्थेतील मोकळ्या खंडांची यादी वापराबरोबर विस्कटत जाई, आणि सेकंदाला १७५ किलोबाइटचा वेग काही आठवड्यांत ३० वर येई, असे त्यांनी नोंदवले आहे. त्यावर उपाय म्हणून त्यांनी चकतीचे शेजारशेजारच्या पट्ट्यांचे गट पाडले आणि एका यादीतील फाईली शक्य तो एका गटात ठेवल्या. वेगाची ही कथा तांत्रिक इतिहासात सविस्तर येते. आपल्या दृष्टीने महत्त्वाचे ते याच बदलात नावाची मर्यादा २५५ बाइट्सवर गेली. लिनस टोर्व्हाल्ड्स यांनी १९९१ साली लिनक्स सुरू केली तेव्हा मिनिक्सची चौदा अक्षरांची व्यवस्था उसनी घेतली होती. रेमी कार्ड यांच्या १९९३ च्या 'एक्स्ट-२' मध्ये तीही २५५ वर स्थिरावली.

आता नावातील अक्षरांकडे वळावयास हवे. युनिक्सच्या गाभ्याला नाव म्हणजे बाइट्सची एक माळ. त्यातील दोनच बाइट त्याला अर्थपूर्ण : शून्य, कारण तेथे नाव संपते, आणि ४७, कारण ती तिरकी रेषा असून ती मार्गातील दोन नावे अलग करते. बाकीचे बाइट कोणत्या लिपीचे, त्यांचा उच्चार काय, लहान-मोठे अक्षर कोणते, याची तो चौकशी करीत नाही. या अर्थाने गाभा निरक्षर आहे, आणि तो तसा असणे पथ्यावर पडले.

१९९१ साली भारतीय मानक १३१९४ म्हणून प्रसिद्ध झालेल्या इस्की संकेतात देवनागरीचे प्रत्येक वर्णचिन्ह एका बाइटात बसे. त्याच सुमारास जगातील सर्व लिप्यांना एका कोष्टकात आणणारे युनिकोड सिद्ध होत होते. त्या मोठ्या क्रमांकांना बाइट्सच्या माळेत बसवण्याच्या आरंभीच्या पद्धतीत एक दोष होता : एखाद्या परक्या अक्षराच्या पोटात ४७ हा बाइट येऊ शके, आणि मग गाभा त्या अक्षराचेच दोन तुकडे करी. सप्टेंबर १९९२ मध्ये न्यू जर्सीतील एका भोजनगृहात, ताटाखालच्या कागदावर, थॉम्प्सन यांनी रॉब पाइक यांच्यासमवेत या अडचणीवर तोडगा काढला, आणि काही दिवसांत त्यांची 'प्लॅन ९' ही प्रणाली त्यावर आणली. तोच यूटीएफ-८ हा संकेत. त्यात रोमनेतर अक्षराचा प्रत्येक बाइट १२८ वा त्याहून मोठा असतो. त्यामुळे ४७ आणि शून्य हे आत शिरूच शकत नाहीत. या प्रयत्नांच्या आधीच्या मसुद्याच्या नावातच 'फाईल-व्यवस्थेला सुरक्षित' हे विशेषण होते. ज्या संकेतात आज जगातील बहुतेक लेखन फिरते त्याची एक प्रमुख अट भाषेतून नव्हे, तर १९६९ च्या त्या आराखड्यातून आली, हे तुलनात्मक साहित्याच्या अभ्यासकांनी लक्षात घेण्याजोगे आहे.

देवनागरीला याची किंमत पडली. यूटीएफ-८ मध्ये 'क' म्हणजे २२४, १६४, १४९ असे तीन बाइट. 'मराठी' या शब्दात पाच वर्णचिन्हे, म्हणजे पंधरा बाइट. सातव्या आवृत्तीच्या चौदा बाइट्सच्या रकान्यात आपल्या भाषेचे नावही एका बाइटाने मावले नसते. २५५ ची मर्यादा रोमन लिपीला २५५ अक्षरे देते, देवनागरीला ८५ वर्णचिन्हे. हा भारतीय लिप्यांवरील अन्याय होय, अशी तक्रार केली जाते. ती निराधार नाही. तथापि ती अर्धीच खरी वाटते. तीन बाइट्सच्या मोबदल्यात जे मिळाले ते असे की लिनक्सच्या गाभ्यात 'एक्स्ट-२' साठी एक ओळही न बदलता देवनागरी नावे साठवता येऊ लागली. २००२ च्या रेड हॅट लिनक्स ८.० मध्ये यूटीएफ-८ सर्वसाधारण संकेत म्हणून आला, आणि गाभा पूर्वीइतकाच निरक्षर राहूनही यादीत मराठी नावे दिसू लागली.

निरक्षरतेची दुसरी बाजू मराठीत विशेष जाणवते. 'दरी'चे अनेकवचन 'दऱ्या' आणि समुद्रवाचक 'दर्या' हे दोन शब्द मराठी वाचकाला केवळ 'र'च्या रूपावरून वेगळे कळतात; 'आचाऱ्यास' आणि 'आचार्यास' यांतील गफलत तर विनोदाचाच विषय आहे. युनिकोडमध्ये हा अर्धा 'ऱ' तीन प्रकारांनी लिहिला जाऊ शकतो : स्वतंत्र 'ऱ' आणि हलन्त, साधा 'र', नुक्ता आणि हलन्त, किंवा साधा 'र', हलन्त आणि त्यानंतर 'झिरो विड्थ जॉइनर' हे अदृश्य जोडचिन्ह. पडद्यावर तिन्ही सारखेच दिसतात. पहिले दोन युनिकोडच्या नियमाने समतुल्य आहेत, तिसरा नाही. पहिल्या प्रकारच्या 'दऱ्या'ला पंधरा बाइट, उरलेल्या दोहोंना अठरा. लिनक्सच्या गाभ्याला या तीन वेगळ्या माळा. एकाच यादीत 'दऱ्या' नावाच्या तीन फाईली सुखेनैव नांदू शकतात, आणि डोळ्याने त्यांत फरक करता येत नाही. एखाद्या संपादकाने दोन यंत्रांवरून गोळा केलेल्या प्रतींत असा प्रसंग आला, तर पाठभेद शोधण्याआधी त्याला नावभेद शोधावा लागेल.

ॲपल कंपनीने १९९८ च्या 'एचएफएस प्लस' व्यवस्थेत यावर उलट मार्ग धरला. तेथे व्यवस्था नाव वाचते, संयुक्त अक्षरे फोडते आणि फोडलेल्या रूपात साठवते. म्हणून 'ऱ' लिहून साठवलेली फाईल 'र' आणि नुक्ता अशा रूपात परत मिळे. पहिले दोन प्रकार त्यामुळे एक झाले, ते योग्यच. परंतु नावे जुळवताना ही व्यवस्था अदृश्य चिन्हे वगळीत असे, आणि जोडचिन्ह हे अदृश्यच. ते वगळले की तिसऱ्या प्रकारच्या 'दऱ्या'मधून उरतो तो साधा 'र', हलन्त आणि 'या', म्हणजेच 'दर्या'.

लिनक्सच्या गाभ्यानेही अखेरीस वाचण्याचे ठरवले, निदान काही याद्यांपुरते. जुलै २०१९ च्या ५.२ आवृत्तीत 'एक्स्ट-४' मध्ये, ज्या यादीवर तशी खूण केली असेल तेथे, लहान-मोठ्या रोमन अक्षरांचा भेद न मानता नावे जुळवण्याची सोय आली. प्रयोजन रोमन लिपीचे. देवनागरीत लहान-मोठी अक्षरे नाहीतच. परंतु जुळवणीसाठी युनिकोडची संपूर्ण कोष्टके गाभ्यात आली आणि त्याबरोबर अदृश्य चिन्हे वगळण्याचा नियमही आला. अशा यादीत 'ऱ'ने लिहिलेल्या 'दऱ्या' आणि 'दर्या' या दोन फाईली राहू शकत. जोडचिन्हाने लिहिलेल्या 'दऱ्या'ला मात्र 'दर्या'शेजारी जागा नव्हती, कारण गाभ्याच्या लेखी ते एकच नाव होते. दिसायला तंतोतंत सारख्या असलेल्या 'ऱ'च्या रूपाशी मात्र तो तिला जुळवीत नसे. २०२० च्या अँड्रॉइड ११ पासून नव्या भ्रमणध्वनींवर वापरकर्त्याच्या सामायिक साठवणुकीसाठी गाभ्यातील याच सोयीचा आधार घेतला गेला, आणि मराठी वाचकांच्या खिशातील फाईलींना हा नियम लागू झाला.